विल्यम वेल्स ब्राऊन : सगळी पात्रं एकटाच वाचणारा नाटककार

ओसरी

आमचा सहा जणांचा अभिवाचनाचा गट आहे. महिन्यातून एकदा कुणाच्या तरी घरी जमायचं आणि संहिता हातात घेऊन नाटक वाचायचं. पाठांतर नाही, नेपथ्य नाही. यंदा एकोणिसाव्या शतकातलं, आपल्याकडचं नसलेलं एखादं नाटक घ्यावं म्हणून शोधायला बसले आणि एका माणसापाशी येऊन अडकले. महिना झाला, दुसरं काही वाचवत नाही. म्हणून हा धागा.

विल्यम वेल्स ब्राऊन. नाटकाचं नाव 'द एस्केप; ऑर, अ लीप फॉर फ्रीडम'. पाच अंकी, १८५८ साली बॉस्टनमध्ये छापलेलं. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय माणसाचं छापून आलेलं हे पहिलं नाटक. प्रस्तावनेत ब्राऊन म्हणतो की नाटकात दोष असणारच, पण मी गुलामीत जन्मलो, आयुष्यात एक दिवसही शाळेत गेलो नाही, तेव्हा चुकांबद्दल वाचकांची माफी मागायचं मला काही कारण नाही. हे वाचलं आणि मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसती बसून राहिले.

जन्म साधारण १८१४ चा, केंटकीतल्या लेक्सिंग्टनजवळ. गुलामाच्या जन्माची नोंद कोण ठेवणार, म्हणून 'साधारण'. आई एलिझाबेथ, तिला सात मुलं. मालक डॉक्टर जॉन यंग. ब्राऊनचा बाप गोरा होता, मालकाच्याच नात्यातला. पुढे मालकाच्या घरी पुतण्या राहायला आला, त्याचंही नाव विल्यम. एका घरात दोन विल्यम कसे चालतील? मग या पोराचं नाव काढून घेतलं आणि सँडफर्ड ठेवलं. मार, उपासमार, सगळं सोसलेला हा माणूस आत्मचरित्रात नाव गेल्याचं दुःख फार खोलवर सांगतो.

मालक त्याला सेंट लुईसमध्ये भाड्यानं देत असे. कधी खानावळीत, कधी आगबोटीवर. थोडा काळ तो एलायजा लव्हजॉयच्या छापखान्यात होता. लव्हजॉय पुढे गुलामीविरुद्ध लिहितो म्हणून १८३७ साली इलिनॉयमधल्या ऑल्टन गावात जमावाच्या हातून मारला गेला. गुलामीत असताना जे काही चार अक्षरांचं ज्ञान मिळालं ते बहुतेक याच्यामुळे, असं ब्राऊन लिहितो.

आणि मग वॉकर. इथे मी जरा थांबणार आहे, कारण माझ्या लेखी सगळं नाटक इथून येतं. वॉकर हा माणसांचा व्यापारी. मिसुरीत माणसं विकत घ्यायची, आगबोटीत भरायची आणि मिसिसिपीच्या प्रवाहाबरोबर खाली न्यू ऑर्लिन्सच्या बाजारात नेऊन विकायची, हा त्याचा धंदा. ब्राऊनला वर्षभरासाठी त्याच्याकडे भाड्यानं दिलं. काम काय, तर माल बाजारासाठी तयार करणं. म्हाताऱ्यांच्या दाढ्या करायच्या, पांढरे केस उपटायचे, फार असतील तर काळा रंग फासायचा. पन्नाशीचा माणूस चाळिशीचा दिसला की भाव वाढतो. हे हात ब्राऊनचे, वय विशीच्या आत. एकदा एका बाईचं तान्हं मूल रडत होतं. वॉकरला तो आवाज सहन होईना. त्यानं ते मूल आईच्या हातातून ओढून घेतलं आणि वाटेतल्या ओळखीच्या घरी भेट म्हणून देऊन टाकलं. बोटीवर सिंथिया नावाची एक मुलगी होती. तिच्यापुढे वॉकरनं दोन वाटा ठेवल्या : माझी होऊन राहा, नाहीतर शेतमजूर म्हणून विकतो. ती राहिली. तिला चार मुलं झाली आणि पुढे त्यानं तिला मुलांसकट विकून टाकलं.

१८३३ मध्ये ब्राऊन आईला घेऊन पळाला. रात्री होडी चोरून मिसिसिपी ओलांडली, दिवसा लपायचं, रात्री ध्रुवताऱ्याकडे बघून चालायचं. इलिनॉयमध्ये पकडले गेले. आईला न्यू ऑर्लिन्सला विकलं. बोट सुटायच्या आधी तो तिला भेटायला गेला तेव्हा ती दुसऱ्या एका बाईबरोबर साखळीनं बांधलेली होती. तू तुझं कर्तव्य केलंस, असं तीच त्याला म्हणाली. त्यानंतर भेट नाही.

१ जानेवारी १८३४. नवा मालक इनॉक प्राइस बोटीचा धनी, बोट सिनसिनाटीला लागलेली. ब्राऊन ट्रंक उचलून हमालांच्या गर्दीतून धक्क्यावर उतरला आणि चालत सुटला. कडाक्याची थंडी, पाय गोठलेले, अंगात ताप. शेवटी रस्त्यावर एका म्हाताऱ्या क्वेकर माणसाला हाक मारली. क्वेकर म्हणजे शस्त्राला हात न लावणारा, साध्या राहणीचा ख्रिस्ती पंथ. त्या नवरा-बायकोनं त्याला घरात ठेवून घेतलं, शुश्रूषा केली. म्हातारा म्हणाला, आता तू माणूस झालास, माणसाला दोन नावं असतात. ब्राऊन म्हणाला, तुम्ही ठेवा, फक्त विल्यम काढू नका, ते एकदा काढलं होतं माझ्याकडून. म्हाताऱ्याचं नाव वेल्स ब्राऊन.

आता नाटकाकडे. मिसिसिपीच्या खोऱ्यातला एक डॉक्टर गेन्स, त्याची देवभोळी आणि चाबूकवेडी बायको, ग्लेन आणि मेलिंडा हे गुपचूप लग्न केलेलं गुलाम जोडपं, मेलिंडावर डोळा असलेला डॉक्टर, तिला विष प्यायला लावू पाहणारी डॉक्टरीण. पलायन, ओहायोमधलं क्वेकर कुटुंब आणि शेवटी नायगरा नदीवर नावेच्या उतारापाशी झटापट. ग्लेन आणि मेलिंडा खरी माणसं आहेत, आज कॅनडात राहतात, असं ब्राऊन प्रस्तावनेत लिहितो.

आणि पात्रांच्या यादीत एक माणसांचा व्यापारी आहे. डिक वॉकर. नाव बदललेलं नाही.

हे नाटक त्यानं रंगभूमीसाठी लिहिलंच नव्हतं. १८५६ पासून तो गावोगावी, चर्चमध्ये, सभागृहांत स्वतःची नाटकं वाचून दाखवत असे. आधीचं एक नाटक गुलामीची भलामण करणाऱ्या बॉस्टनच्या एका पाद्र्यावर होतं. त्याची संहिता आज उपलब्ध नाही. त्यानंतर हे. गुलामीविरोधी भाषणाला एक सेंट न देणारे लोक नाटक ऐकायला पैसे मोजून येतात, असा त्याचा अनुभव होता. एकटा माणूस उभा राहून मालक, मालकीण, पाद्री, गुलाम सगळे आवाज काढतोय. आणि त्यातच वॉकरही. ज्याच्यासाठी म्हाताऱ्यांचे केस काळे केले, त्याची वाक्यं हा माणूस वीस-पंचवीस वर्षांनी भरल्या सभेत स्वतःच्या तोंडानं बोलतो. नटाला भूमिका मिळते असं आपण म्हणतो. याला काय म्हणावं?

कुणी वाचलंय का हे नाटक? आम्ही ते मराठीत आणायचा विचार करतोय. मत द्या.

पैलतीर

ओसरी, आधी मनापासून आभार. मी अमेरिकेत बफेलोत राहतो, आणि तुमच्या नाटकाचा शेवटचा प्रवेश माझ्या घरापासून गाडीनं पंधरा मिनिटांवर घडतो.

नायगरा नदी म्हटलं की धबधबाच डोळ्यांपुढे येतो, पण पळून आलेली माणसं धबधब्यापाशी नदी ओलांडत नसत. बफेलोचा ब्लॅक रॉक भाग आहे, तिथून समोर कॅनडाचा काठ स्वच्छ दिसतो. तिथे नावेचा उतार होता. आज त्या जागी ब्रॉडरिक पार्क आहे आणि ती जागा या इतिहासासाठी जपलेली आहे. नदी रुंद नाही, पण एरी सरोवराचं सगळं पाणी तिथून निघतं, ओढ भयंकर. काठावर उभं राहिलं की पलीकडची घरं, झाडं दिसतात आणि मधे हे पाणी.

ब्राऊनला हा काठ पाठ होता. पळून आल्यावर त्यानं नऊ वर्षं एरी सरोवरातल्या आगबोटींवर नोकरी केली, आधी क्लीव्हलंडहून, १८३६ पासून बफेलोहून. बोटीवरचा नोकर असल्यामुळे लपवून माणसं नेणं त्याला जमायचं. १८४२ साली मे ते डिसेंबर एवढ्या काळात त्यानं ६९ माणसं कॅनडात पोचवली. आकडा त्याचाच, आत्मचरित्रात आहे. भाडं घेत नसे. नाटकातली नाव लिहिताना त्याला कल्पना लढवावी लागली नसणार.

तळटीप

उत्तम धागा. एक दुरुस्ती, म्हणजे दुरुस्ती नाही, जरा बारकावा.

'पहिलं नाटक' म्हणताना 'छापलेलं' हा शब्द तुम्ही घातलात ते बरं केलंत. न्यूयॉर्कमध्ये १८२१ च्या सुमारास आफ्रिकन ग्रोव्ह नावाचं कृष्णवर्णीयांचं नाट्यगृह सुरू झालं होतं. ते चालवणाऱ्याचं नावही विल्यम ब्राऊन, पण हा वेगळा, विल्यम अलेक्झांडर ब्राऊन. त्यानं सेंट व्हिन्सेंट बेटावरच्या बंडावर 'किंग शॉटअवे' हे नाटक लिहून १८२३ च्या आसपास केलं. त्याची संहिता राहिली नाही. दुसरा व्हिक्टर सेजूर. जन्म १८१७, न्यू ऑर्लिन्सचा, पण हयात पॅरिसमध्ये गेली आणि नाटकं फ्रेंचमध्ये. त्याचं 'दिएगारियास' १८४४ मध्ये पॅरिसच्या सर्वांत मानाच्या रंगमंचावर झालं होतं. म्हणजे अमेरिकेत, इंग्रजीत, छापलेलं पहिलं, असं म्हटलं की वाद नको.

ओसरी

तळटीप, हे हवंच होतं. सेजूर आणि ब्राऊन एकाच वेळी पॅरिसमध्ये होते हे तुमचं वाचल्यावर लक्षात आलं! ब्राऊन १८४९ मध्ये शांतता परिषदेसाठी पॅरिसला गेला होता. अध्यक्ष व्हिक्टर ह्यूगो. दोघे भेटले असते तर, असं उगाच वाटून गेलं.

त्या प्रवासाबद्दल थोडं सांगायचं राहिलं. तो गेला होता थोड्या दिवसांसाठी, पण १८५० मध्ये पळून गेलेल्या गुलामांना पकडून परत देण्याचा कायदा अमेरिकेत आणखी कडक झाला आणि परतीची वाट बंद झाली. मग इंग्लंडमध्ये पाच वर्षं. १८५१ च्या लंडनच्या मोठ्या प्रदर्शनात अमेरिकेच्या दालनात पॉवर्स या शिल्पकाराचा 'ग्रीक गुलाम' हा संगमरवरी पुतळा होता, साखळीतली गोरी मुलगी. लोक त्या पुतळ्यापुढे हळहळत. ब्राऊन पळून आलेल्या क्राफ्ट पती-पत्नींना बरोबर घेऊन तिथे गेला, 'पंच' या इंग्लंडमधल्या विनोदी साप्ताहिकातलं साखळीतल्या काळ्या बाईचं चित्र त्या पुतळ्याजवळ ठेवलं आणि म्हणाला, ही व्हर्जिनियाची गुलाम, ग्रीक गुलामाची जोडीदारीण. मला तर हेसुद्धा नाट्यलेखनच वाटतं.

तिथेच १८५३ मध्ये 'क्लोटेल' ही कादंबरी आली. राष्ट्राध्यक्ष जेफरसनच्या गुलाम मुलींची कल्पित गोष्ट. आफ्रिकन अमेरिकन लेखकाची ही पहिली कादंबरी मानतात.

मिठागर

मी नाटक वाचलंय, आणि मला इथे थोडं वेगळं म्हणायचं आहे. राग मानू नका.

आयुष्य थोर आहे, त्याबद्दल दुमत नाही. नाटक म्हणून मात्र मला ते विस्कळीत वाटलं. ग्लेन आणि मेलिंडा बोलतात ते पुस्तकी इंग्रजी, लांबलचक स्वगतं, चंद्र-तारे. बाकीचे गुलाम बोलीत. मधेच प्रहसन, मधेच मेलोड्रामा. शेवटी मॅसॅच्युसेट्सचा तो मिस्टर व्हाइट छत्री घेऊन मारामारीत उतरतो. पण मला खरा त्रास केटोचा झाला. डॉक्टरच्या घरचा हा नोकर, डॉक्टरचा कोट घालून मिरवतो, गोळ्या वळतो, रोग्याचा भलताच दात उपटतो. त्या काळात गोरे नट तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची टवाळी करणारे खेळ करत, अमेरिकेत गावोगावी ते तुफान चालत. केटो थेट त्या खेळातून उचललेला आहे. ज्या माणसानं स्वतः म्हाताऱ्यांच्या डोक्याला काळा रंग फासला, त्यानं टवाळीचं हे सोंग आपल्या नाटकात का घ्यावं? प्रेक्षक हसवायला? तेव्हाचं गोरं प्रेक्षागृह केटोला हसलं असेल तर ते कुणाला हसलं?

ओसरी

मिठागर, राग कसला. हाच प्रश्न आमच्या गटात पहिल्या वाचनानंतर निघाला आणि रात्री बारापर्यंत बसलो होतो.

माझं म्हणणं सांगते. केटोचा पहिला अंक तुम्ही म्हणता तसाच आहे. मालकाचा लाडका, मालकाला बातम्या पुरवणारा. प्रेक्षक त्याला ओळखतात, कारण हे सोंग त्यांनी शंभरदा पाहिलंय. पण हा केटो एकटा असताना काय करतो पाहा. पळालेल्या गुलामांच्या मागावर डॉक्टर त्याला मदतीला म्हणून बरोबर नेतो, आणि तो स्वतःच पळतो! डॉक्टरच्या कपड्यांत. हा मीच का, असं स्वतःला विचारतो. स्वतःसाठी लांबलचक भारदस्त नाव निवडतो. लोक हसत असतील त्या नावाला. पण ते वाचणारा माणूस कोण आहे? ज्याचं नाव लहानपणी काढून घेतलं होतं तो. सभागृहातल्या हसणाऱ्या प्रेक्षकासमोर तो स्वतः उभा आहे. छापील पानावर केटो सोंग दिसतो. ब्राऊनच्या तोंडून ऐकताना ते हसू मधेच अडकत असणार असं मला वाटतं.

विस्कळीतपणाचं बोलायचं तर तो आहेच, मी नाकारत नाही. पण एक माणूस दीड-दोन तास एकट्यानं वाचून सभा धरून ठेवणार असेल तर त्याला आवाज बदलत ठेवावेच लागतात. रडवून झालं की हसवायचं. कीर्तनकार हेच करतो. आमच्या गटात मनातल्या मनात वाचताना जे तुकडे सुटे वाटत होते ते मोठ्यानं वाचताना जोडले गेले.

मेलिंडाच्या पुस्तकी भाषेबद्दल मात्र तुमच्याशी सहमत. तिची स्वगतं आम्ही कापणार आहोत. अपवाद एक. डॉक्टरीण विषाची बाटली पुढे करते तेव्हा मेलिंडा झाडू उचलते आणि बाईसाहेबांची टोपी, कंगवे, खोटे कुरळे केस सगळं झाडून काढते. त्या प्रवेशात एक शब्द कमी करायचा नाही.

जुना पिंपळ

वय झालं, टंकायला वेळ लागतो, पण हा धागा वाचून राहवलं नाही.

ब्राऊन हे नाटक वाचत फिरत होता त्याच्या एक-दोन वर्षं आधी पुण्यात जोतीराव फुल्यांनी 'तृतीय रत्न' लिहिलं. १८५५. म्हणजे ब्राऊनचं छापून येण्याच्या तीन वर्षं आधी. तेही नाटक रंगभूमीवर गेलं नाही. ग्रंथांना बक्षिसं देणाऱ्या दक्षिणा प्राइज कमिटीकडे पाठवलं, कमिटीनं नाकारलं, आणि छापील रूपात लोकांपुढे यायला शंभरावर वर्षं लागली. एक गरोदर कुणबी बाई, तिचा नवरा, ग्रहांची भीती घालून त्यांना लुबाडणारा जोशी, पाद्री, आणि मधे मधे थेट प्रेक्षकांशी बोलणारा विदूषक. शेवटी नवरा-बायको फुल्यांच्या शाळेत शिकायला निघतात.

या विदूषकाला केटोशेजारी ठेवून बघा. फुल्यांनी जुन्या नाटकातला विदूषक उचलला. राजाला हसवणारा, खादाड. आणि त्याच्या तोंडून जोशाची लबाडी उघडी केली. ब्राऊननं गोऱ्यांच्या खेळातलं सोंग उचललं आणि त्याला मालकाच्या कपड्यांत पळवलं. दोघांना एकमेकांची नावंही ठाऊक नसणार. पण ज्याच्या हातात रंगभूमी नाही त्यानं समोरच्याचंच सोंग हाती धरायचं, हे दोघांनाही सुचलं.

तळटीप

पिंपळकाका, अगदी योग्य जोड. यात एक पक्का, छापील धागा आहेच. फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केलं, गुलामांना दास्यातून मुक्त करण्याच्या कामी त्यांनी दाखवलेल्या औदार्याबद्दल. ज्या चळवळीला ती अर्पणपत्रिका उद्देशून आहे त्या चळवळीचा ब्राऊन हा पगारी वक्ता होता. फुल्यांनी ब्राऊनला वाचलं होतं असं मी म्हणत नाही. पण त्या अर्पणपत्रिकेतल्या 'लोकां'मध्ये स्वतः गुलामीतून निसटून आलेले वक्ते होते, हे आपण विसरतो. आपल्या डोळ्यांपुढे लिंकन येतो.

कर्दळ

सगळं वाचलं, वाचनखूण साठवली. पण दोन गोष्टी इथे यायलाच हव्यात असं मला वाटतं.

एक म्हणजे त्याची पहिली बायको. तिचंही नाव एलिझाबेथ. १८३४ मध्ये लग्न, मग हा कायम बोटीवर किंवा भाषणांच्या दौऱ्यावर. १८४७ मध्ये दोघं वेगळी झाली. तो युरोपात असताना तिनं १८५० मध्ये वर्तमानपत्रात जाहीर तक्रार केली की नवऱ्यानं आम्हाला टाकलं. त्यानं तिच्यावर उलट आरोप केले. मुली, क्लॅरिसा आणि जोसेफिन, त्यानं १८५१ मध्ये युरोपात आणून शिकवल्या, दोघी शिक्षिका झाल्या, जोसेफिननं तर १८५६ मध्ये बापाचं चरित्र लिहून छापलं. मुलींसाठी त्यानं केलं. पण नाटकात नवरा-बायकोच्या ताटातुटीवर एवढं लिहिणाऱ्याच्या घरात ही एक बाई आहे आणि तिची बाजू आपल्यापर्यंत फार थोडी पोचते.

दुसरी गोष्ट त्यानं स्वतः लिहून ठेवली आहे. वॉकरकडे असताना पाहुण्यांना दारू देताना पेले काठोकाठ भरले, दारू कपड्यांवर सांडली. शिक्षा म्हणून वॉकरनं दुसऱ्या दिवशी त्याला एक चिठ्ठी आणि एक डॉलर देऊन तुरुंगावर पाठवलं. ब्राऊनला संशय आला. खलाशाकडून चिठ्ठी वाचून घेतली. चिठ्ठी आणणाऱ्याला फटके द्या, असं तिच्यात होतं. त्यानं वाटेत भेटलेल्या एका कृष्णवर्णीय माणसाला, जो स्वतंत्र होता, थाप मारून चिठ्ठी घेऊन आत पाठवलं. वीस फटके त्याला बसले. ब्राऊन लिहितो की याचा मला पश्चात्ताप आहे, गुलामी माणसाला खोटं आणि हलकं बनवते ते असं. लपवू शकला असता. पाहणारं कुणी नव्हतं.

मिठागर

कर्दळ, ही चिठ्ठीची गोष्ट मला माहीत नव्हती. आता केटोकडे पुन्हा बघावं लागेल. मालकाला बातम्या पुरवणारा, दुसऱ्याला पुढे करून स्वतः वाचणारा केटो... तो परक्याच्या खेळातून उचललेला आहे हे माझं म्हणणं कायम आहे, पण त्यात ब्राऊननं स्वतःचंही काही घातलंय असं आता वाटू लागलं. पुन्हा वाचतो.

पैलतीर

कर्दळताईंच्या पहिल्या मुद्द्याला अनुमोदन. तिचं बफेलोतलं घर हेही पळून आलेल्यांना थारा देणारं घर होतं. तो बोटीवर असताना दार उघडणारी तीच असणार.

आणखी एक, पैशांचं. जुना मालक इनॉक प्राइस यानं १८४८ मध्ये पत्र पाठवलं की ३२५ डॉलर द्या, मुक्त करतो. ब्राऊननं उत्तर दिलं की देवानं मला प्राइसइतकंच स्वतंत्र जन्माला घातलं आहे, माझ्या संमतीनं त्याला एक डॉलरही मिळणार नाही. पण १८५४ मध्ये न्यूकॅसलच्या रिचर्डसन कुटुंबानं पैसे जमवले, प्राइसनं ३०० डॉलर घेतले, आणि ब्राऊन कायद्यानं मुक्त होऊन त्याच वर्षी परतला. या व्यवहाराला त्यानं मान तुकवली, ती का, हे मला कळतं. त्याला इथे परत येऊन बोलायचं होतं. नाटकं त्यानंतरची आहेत.

ओसरी

कर्दळ, चिठ्ठीचा प्रसंग मी मूळ धाग्यात लिहून मग काढला होता. लांबी वाढेल म्हणून, असं तेव्हा स्वतःला सांगितलं. खरं म्हणजे तो माणूस मोठा दिसावा म्हणून काढला. तुम्ही आणलात ते बरं झालं.

पुढच्या आयुष्याबद्दल विचारण्याआधीच सांगते. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात कृष्णवर्णीय सैन्यभरतीसाठी फिरला, इतिहासाची पुस्तकं लिहिली, बॉस्टनला डॉक्टरी केली, १८८० मध्ये दक्षिणेतल्या आठवणींचं पुस्तक काढलं, त्यात केटोचा दात उपटण्याचा प्रसंग पुन्हा येतो. ६ नोव्हेंबर १८८४ ला बॉस्टनजवळच्या चेल्सीमध्ये गेला. नाटकाचा नटसंचासह पूर्ण प्रयोग व्हायला १९७१ साल उजाडलं, बॉस्टनच्याच एमर्सन कॉलेजमध्ये.

आता अनुवादाची अडचण. केटो, हॅना, सॅम ही मंडळी बोलीत बोलतात. मराठीत काय करायचं? आमच्यातल्या एकानं वऱ्हाडी सुचवली.

कर्दळ

वऱ्हाडी नको! मी अकोल्याची. नाटकात नोकर आला की त्याच्या तोंडी आमची बोली, हे लहानपणापासून बघतेय. शिवाय वऱ्हाडी केली की माणूस लगेच ओळखीचा होतो, मिसिसिपी कुठच्या कुठे जाते.

जुना पिंपळ

कर्दळशी सहमत. कुठल्याही एका मुलुखाची बोली घेऊ नये. साधी, तुटक, घरगुती मराठी ठेवा आणि मालक मंडळींना छापील, संस्कृतप्रचुर मराठी द्या. फुल्यांचा जोशी बोलतो तशी. फरक आपोआप ऐकू येईल.

ओसरी

काका, हे फार उपयोगी पडलं. त्याप्रमाणे एक तुकडा करून पाहिला. पाद्री पिंचन डॉक्टरीणबाईंना आपलं स्वप्न सांगतो आहे. स्वप्नात तो स्वर्गात जाऊन आला. बाई तल्लीन होऊन ऐकताहेत, मोलकरीण हॅना तिथेच काम करतेय.

हॅना : धनी, सर्गात माझा म्हातारा बेन दिसला का हो?

पिंचन : नाही हॅना. कृष्णवर्णीयांच्या बाजूस माझे जाणे झाले नाही.

बाई : अर्थातच नाही! बंधू पिंचन तिकडे कशाला जातील? तू मधे प्रश्न कसले विचारतेस?

पाद्र्याचं उत्तर येतं आणि आमच्या दिवाणखान्यात दोघं हसली आणि लगेच गप्प झाली. मिठागर, केटोबद्दल तुम्ही विचारलं होतं ना, हसले ते कुणाला. मला तेव्हा तुमची आठवण झाली.

मिठागर

'सर्गात' छान. 'कृष्णवर्णीयांच्या बाजूस' ऐवजी 'काळ्यांच्या बाजूस' करा. पाद्री तेवढा सभ्य नाही.

तळटीप

+१. आणि 'धनी' ठेवा, बदलू नका.

पैलतीर

ओसरी, वाचनाचं ध्वनिमुद्रण करणार असाल तर मला पाठवा. इथल्या मराठी मंडळात ऐकवीन, आणि जमलं तर एकदा त्या नदीकाठावर बसून ऐकेन.

ओसरी

पाठवते. 'काळ्यांच्या' केलं.

भूमिका वाटताना मात्र एक अडचण झाली, ती सांगते. सहा जणांत पात्रं वाटली, आणि वॉकर कुणी घेईना. वाक्यं फारशी नाहीत, पण माणसांचा भाव करण्याची आहेत, आणि ज्याच्या हातात कागद गेला तो दुसऱ्या वाचनाला म्हणे की नको. तीन जणांनी परत केला. शेवटी आमच्यातला सर्वांत तरुण, जो ग्लेन वाचतोय, तो म्हणाला की मी दोन्ही वाचतो. पळणारा आणि विकणारा एकाच आवाजात. गेल्या रविवारी तसं वाचून पाहिलं. पुढच्या महिन्यातल्या दुसऱ्या शनिवारी पूर्ण वाचन आहे, तसंच करणार आहोत.